नवी बाईक घेताय? आधी हेल्मेट आणि ब्रेक

बाईकच्या अपघातात जीव जातो तो बहुतेक वेळा डोक्याच्या माराने. आयएस 4151 (हेल्मेटसाठीचं भारतीय मानक) आणि आयएसआय मार्क असलेलं, पूर्ण चेहरा झाकणारं हेल्मेट घ्या. पट्टा इतका आवळा की हनुवटीखाली जेमतेम दोन बोटं जातील. सैल हेल्मेट पहिल्याच धडकेत उडतं आणि पुढचा मार उघड्या डोक्याला बसतो. एकदा जोरात आपटलेलं हेल्मेट टाकून द्या, आतलं थर्माकोल एकदाच दबतं. मागे बसणाऱ्यालाही हवंच.

ताशी 60 किमीला गाडी सेकंदाला जवळपास 17 मीटर जाते. रिक्षा आडवी आलेली दिसून हात ब्रेकवर जाईपर्यंत तेवढं अंतर संपलेलं असतं! त्यात नवशिके घाबरून फक्त मागचा ब्रेक दाबतात. चाक लॉक होतं, गाडी घसरते. थांबवण्याचा खरा जोर पुढच्या ब्रेकमध्ये असतो. मोकळ्या मैदानात हँडल सरळ ठेवून, दाब हळूहळू वाढवत, दोन्ही ब्रेक एकत्र मारायचा सराव करा. परवडत असेल तर एबीएसवालीच (जोरात ब्रेक मारला तरी चाक लॉक होऊ न देणारी यंत्रणा असलेली) गाडी घ्या.

पहिल्या पावसात रस्त्यावरचं तेल वर येतं, तेव्हा वळणावर ब्रेक नको. रात्री महामार्गावर दिव्याच्या झोतात थांबता येईल एवढाच वेग ठेवा. बिनदिव्याचा ट्रक कडेला उभा असतो. दारू प्यायलात तर किल्ली दुसऱ्याकडे द्या.