अनपान आतून पोकळ का राहतो?

अनपान म्हणजे अझुकी या बारीक लाल जपानी कडधान्याचं गोड सारण भरलेला पाव. वरून रंग सुरेख, पण कापला की सारण तळाशी चिकटलेलं, वर बोटभर पोकळी आणि दोन पाव खालून उसवलेले. तुमची तक्रार वाचून लगेच ओळख पटली. मळणं, फुगवणं तुम्हाला जमतंय हे फोटोतल्या जाळीवरून दिसतं, म्हणून ते सगळं सोडून देतो. लोक मैदा बदला, यीस्ट बदला सांगतील. माझ्या मते इतक्यात काही बदलू नका. आधी सारण बघा, ते सैल आहे.

सैल सारण ओव्हनमध्ये वाफ सोडतं. ती वाफ वरचा पापुद्रा उचलते, पापुद्रा तसाच भाजून घट्ट होतो आणि सारण खाली बसतं. पुरणात उलथनं उभं राहावं लागतं, तेवढंच घट्ट हेही हवं. त्यातही नजरेपेक्षा वजनकाटा बरा. रिकाम्या कढईचं वजन आधीच टिपून ठेवा. 200 ग्रॅम कोरडे अझुकी आणि 170 ग्रॅम साखर यांचं आटवून साधारण 530 ग्रॅम सारण उतरावं. 600 भरलं तर ते टोस्टवर फासा, पावात भरू नका. निवताना ते आणखी आवळतं, म्हणून 500 च्या खालीही नेऊ नका, भेगाळतं.

सारण सैल राहण्यामागे बहुतेक वेळा साखरेची घाई असते. अझुकी भिजवावे लागत नाहीत. एक उकळी काढून पाच मिनिटांनी ते पाणी फेकून द्या, तुरटपणा जातो. मग नव्या पाण्यात कुकरला लावा. अंगठा आणि करंगळीत दाणा सहज चिरडला पाहिजे. तोवर साखरेला हात लावायचा नाही, कारण साखर पडली की दाणा पुढे मऊ होत नाही. मग दाणा कचकचीत आणि भोवती पाक, असा प्रकार होतो. साखर दोन-तीन हप्त्यांत घाला, चिमूटभर मीठ शेवटी. निथळून घेतलेलं पाणी परत ओतू नका.

आणि दाणे अझुकीचेच आहेत ना? ‘रेड बीन’ छापून बारीक राजमा गळ्यात मारणारे ऑनलाइन विक्रेते आहेत. तक्रार केली की पाकिटावरच्या नावाकडे बोट दाखवून मोकळे. अझुकीचा दाणा जेमतेम अर्धा सेंटिमीटर, कडेला सरळ पांढरी रेघ. नाही मिळाले तर लाल चवळी घ्या. तिचं साल जाड, म्हणून पुरणयंत्रातून काढा. राजमा मला तरी इथे पटत नाही.

आता भरणं. 250 ग्रॅम मैद्याच्या पिठाचे 40 ग्रॅमचे बारा गोळे होतात. सारणाचेही तेवढ्याच वजनाचे गोळे करून फ्रिजमध्ये गार करा. कोमट सारण कधीच भरू नका. पारी मध्ये जाड, कडेला पातळ ठेवा, कारण कडा तळाशी गोळा होतात. कडेला तूप, पीठ किंवा सारणाचं बोट लागलं तर चिमटा धरत नाही. तुमचे दोन पाव खालून उसवले ते यानेच, असा माझा अंदाज.

भाजायच्या आधी मधोमध ओलं बोट तळाला टेकेपर्यंत दाबा. टोकियोच्या किमुराया बेकरीने 1875 मध्ये मेइजी सम्राटासाठी केलेल्या अनपानच्या बेंबीत खारवलेलं चेरीचं फूल होतं. ती बेंबी दिसायला छान, पण तिचा खरा उपयोग हा, की वरची आणि खालची पारी तिथे जोडली जाते आणि पापुद्रा सुटत नाही. किमुरायाचं पीठ तांदळाच्या कोजीवर, म्हणजे खास बुरशी चढवलेल्या तांदळावर, आंबवलेल्या विरजणाचं असतं. त्याच्या नादी आत्ताच लागू नका.

180 अंशांवर 12 ते 14 मिनिटं पुरतात. अर्थात प्रत्येक ओव्हनचा स्वभाव वेगळा. लहान ओटीजीत वरची कांडी फार जवळ असते, म्हणून खालचा कप्पा वापरा. एवढं करूनही पोकळी राहिली तर पावांवर बटर पेपर आणि वर दुसरा ट्रे ठेवून भाजा. चपटे होतात, पण आत फट राहत नाही. जपानमध्येही असे चपटे अनपान विकतात.

जाता जाता, वर खसखस लावत असाल आणि कुणासाठी दुबईला पाठवणार असाल तर तीळ लावा. तिकडे खसखशीवर बंदी आहे, भाजलेल्या पावावरचीही उगाच भानगड नको.