प्रवासाचं काहीही विचारा : मायांचे पिरॅमिड, सेनोतेचं पाणी आणि आपल्या घरच्यांपुरता गाईड

प्रश्न : नमस्कार ताई. माझा मुलगा ह्यूस्टनला असतो. डिसेंबरमध्ये आम्ही दोघं आणि सासूबाई (वय ७२, गुडघे दुखतात) त्याच्याकडे जातोय, सून आणि नऊ वर्षांची नात आहे, तर सगळे मिळून चार दिवस मेक्सिकोला कॅनकूनला जाऊन यायचं ठरतंय. तिथल्या मूळच्या माया लोकांचं जुनं शहर चिचेन इत्झा बघायचंच आहे. हॉटेलवाले मोठ्या बसची टूर सांगतात, त्यात पिरॅमिड, सेनोते (तिथले नैसर्गिक विहिरीसारखे पाण्याचे डोह), एक गाव, जेवण सगळं येतं आणि स्वस्त पण पडतं. मुलगा म्हणतो प्रायव्हेट गाडी आणि गाईड घेऊ. मिस्टर म्हणतात एवढे पैसे कशाला घालवायचे. तुम्ही जाऊन आलात म्हणून विचारते, खरंच फरक पडतो का?
— एक वाचक, नेरूळ

उत्तर : पडतो ताई, आणि सोबत ७२ वर्षांच्या सासूबाई आणि नऊ वर्षांची नात असताना तर खूपच पडतो. आम्ही दोन वर्षांपूर्वी फेब्रुवारीत गेलो होतो, मी, माझा भाऊ-वहिनी आणि आई, आणि आम्ही दोन्ही प्रकार केले, म्हणजे ठरवून नाही केले, पहिली बसची टूर वाया गेली म्हणून दोन दिवसांनी पुन्हा त्याच ठिकाणी वेगळा गाईड घेऊन जावं लागलं.

पहिल्या दिवशी काय झालं ते सांगते. सात वाजता बस आली, मग ती आणखी पाच-सहा हॉटेलांवर माणसं गोळा करत फिरली, वाटेत दोन ठिकाणी 'दहा मिनिटं' म्हणून दुकानांत सोडलं आणि ती दहा मिनिटं पाऊण तासाची झाली, आणि आम्ही पिरॅमिडसमोर उभे राहिलो तेव्हा बरोबर डोक्यावर ऊन. ते मैदान उघडं आहे, पिरॅमिडच्या आजूबाजूला सावली नाही. माणसं ४५ आणि गाईड एक, तो माईकवर अर्धं स्पॅनिशमध्ये अर्धं इंग्लिशमध्ये बोलत पुढे, आणि आम्ही मागे आईच्या चालीने. पन्नास मिनिटांत परत बसमध्ये. आई लांब एका झाडाखाली बसून राहिली होती, परत येताना एवढंच म्हणाली, 'एवढ्या लांब येऊन आपण दुकानंच बघितली गं.' मला ते फार लागलं. म्हणून मग भावाने शोधाशोध करून चिचेन इत्झाजवळच्या वायादोलिद शहराशेजारच्या एका गावातला गाईड ठरवला, माणूस पन्नाशीचा, परवानाधारक, घरात आजही माया भाषा बोलणारा. माया लोक संपले असं आपल्याला उगाच वाटत असतं, युकातानी माया भाषा बोलणारे आज साडेसात लाखांहून जास्त लोक आहेत!

आता वेळेचं गणित नीट ऐका, कारण खरा फायदा इथे आहे. कॅनकूनपासून चिचेन इत्झा साधारण २०० किलोमीटर, अडीच तास. अंतर वाशीहून सातारा आहे त्याहून थोडं कमीच. पण कॅनकून क्विंताना रू राज्यात येतं आणि चिचेन इत्झा युकातान राज्यात, आणि युकातानचं घड्याळ एक तास मागे. म्हणजे तुम्ही सहाला निघालात तरी तिथे साडेसातच वाजलेले असतात, गेट आठला उघडतं, आणि बसेस यायच्या आत तुमच्या हातात दोन-अडीच तास, कोवळं ऊन, रिकामं मैदान. येताना तो तास परत जातो, तेव्हा रात्रीचं जेवण उशिरा धरा. आणि रविवार नको, त्या दिवशी मेक्सिकन नागरिकांना तिकिटात सूट असते आणि गर्दी खूप असते.

गाईडचा उपयोग काय तर तो थांबतो. आपल्या माणसांसाठी थांबतो. कुकुलकान या सर्पदेवाच्या पिरॅमिडला चारही बाजूंनी ९१-९१ पायऱ्या आणि वरचा चौथरा धरून ३६५, हे आपण वाचून गेलेलो असतोच (वर चढायला बऱ्याच वर्षांपासून बंदी आहे, तेव्हा सासूबाई वर येणार नाहीत म्हणून कोणी हळहळायला नको, कोणीच वर जात नाही). पण त्याने आईला पायऱ्यांच्या बरोबर समोर उभं केलं आणि म्हणाला टाळी वाजवा, आणि वरून जो आवाज परत आला तो टाळीचा नाहीच, पक्ष्याने चिवकल्यासारखा, केत्झाल नावाच्या त्यांच्या पवित्र पक्ष्यासारखा. आईने आठ-दहा वेळा टाळ्या वाजवल्या असतील.

मग बाहेर येऊन गाडीजवळ सावलीत बसलो तेव्हा त्याने आईला विचारलं तुम्ही काय काम करायचात, आई म्हणाली ठाण्यात शाळेत तीस वर्षं गणित शिकवलं. तो लगेच खाली बसला, मातीत खडे आणि एक काडी घेतली आणि विचारलं वय किती. ६८. त्याने वर तीन खडे ठेवले आणि खाली थोडी जागा सोडून एक आडवी काडी आणि तिच्यावर तीन खडे. खडा म्हणजे एक, काडी म्हणजे पाच, आणि वरच्या ओळीतला प्रत्येक खडा विसाचा. तीन विसा साठ आणि खाली आठ. आई बघत राहिली आणि मग म्हणाली, अहो आमच्याकडे जुनी माणसं 'तीन विसा आणि आठ' असंच मोजायची! आणि शून्य? शून्याला त्यांचं शिंपल्याचं चिन्ह, आपल्याशी काही संबंध नसताना त्यांनी स्वतः शोधलेलं. आईने ते शिंपल्याचं चित्र पर्समधल्या डायरीत काढून घेतलं. असं बसमध्ये घडत नाही हो, पंचेचाळीस माणसांत कोण कोणाला वय विचारतंय.

पैशाचं म्हणाल तर प्रायव्हेट टूरचा दर बहुतेक वेळा गाडीचा असतो, माणशी नाही, तुम्ही सहा जण आहात तर भागून बघा, मिस्टरांना वाटतंय तेवढा फरक राहत नाही. फक्त ठरवताना मेसेजवर सगळं लिहून घ्या, की तिकिटं धरून की सोडून (चिचेन इत्झाला दोन वेगळी तिकिटं लागतात, एक केंद्र सरकारच्या पुरातत्त्व खात्याचं आणि एक राज्याचं, तिथे खूप जणांचा गोंधळ होतो), गाईडकडे सरकारी ओळखपत्र आहे का, गाडी चालवणारा तोच की ड्रायव्हर वेगळा, कारण नुसता ड्रायव्हर पाठवून गाईड गेटवर मिळेल म्हणणारे पण असतात, आणि दुकानात थांबायचं नाही हे स्पष्ट. आणि एका दिवसात चिचेन इत्झा, एक सेनोते आणि वायादोलिदला निवांत जेवण, बास. त्यात तुलुम आणि कोबा ही मायांची आणखी दोन ठिकाणं कोंबू नका, मुलगा नक्की म्हणेल 'जातोच आहोत तर', त्याला ठाम नाही सांगा.

सासूबाईंना मैदानात चालायला सपाट आहे, छत्री आणि टोपी ठेवा. सेनोतेच्या पायऱ्या मात्र ओल्या आणि खोलवर जाणाऱ्या असतात, गाईडला आधीच सांगा की गुडघ्यांचा त्रास आहे, कमी पायऱ्यांचा उघडा सेनोते निवड. आणि एक, अमेरिकेचा व्हॅलिड व्हिसा असेल तर भारतीय पासपोर्टवर मेक्सिकोचा वेगळा व्हिसा लागत नाही, पण तो व्हिसा परत अमेरिकेत शिरताना पण चालू असायला हवा, ते तपासा आणि जाण्याआधी त्यांच्या वकिलातीकडे नियम एकदा बघून घ्या.

प्रश्न : ताई, सेनोते म्हणजे नक्की काय, विहीर की गुहा? फोटो बघून जायची फार इच्छा आहे पण मला पोहता येत नाही, आता वय ४१, आणि खोल पाण्याची भीती पण वाटते. बायको-मुलं उतरतील आणि मी काठावर कपडे सांभाळत बसेन असं होईल का?
— एक वाचक, कोलशेत, ठाणे

उत्तर : बसायचं नाही, उतरायचं. आधी ते काय आहे ते सांगते मग भीती कमी होईल.

आपल्याकडे येऊर म्हणा, पारसिकचा डोंगर म्हणा, सगळा काळा कातळ, ज्वालामुखीच्या लाव्ह्याचा. युकातान म्हणजे पांढरा चुनखडीचा दगड, जाळीसारखा. पावसाचं पाणी वरून वाहतच नाही, सरळ आत मुरतं, म्हणून उत्तर युकातानमध्ये जमिनीवर नद्याच नाहीत. ते पाणी हजारो वर्षं चुनखडी विरघळवत आत पोकळ्या करत जातं आणि कधीतरी वरचं छत खाली बसतं, की झाला सेनोते. माया भाषेतल्या ध्झोनोत शब्दावरून स्पॅनिश लोकांनी सेनोते केलं. म्हणजे विहीर पण आणि गुहा पण. मायांची शहरं या पाण्याच्या आधारानेच वसली. चिचेन इत्झाच्या नावातच 'विहिरीच्या तोंडाशी' असा अर्थ आहे. तिथला मोठा पवित्र सेनोते पोहायचा नाही हां, त्यात माया लोक देवाला वस्तू वाहायचे. १९०४ पासून एडवर्ड थॉम्पसन या अमेरिकन माणसाने त्यातला गाळ उपसला तेव्हा सोनं, जेड आणि माणसांची हाडं निघाली.

आणि अजून एक, जे ऐकून मला काटा आला होता. ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी जो लघुग्रह पडून डायनोसॉर संपले तो याच भागात पडला, चिक्शुलूबला, आणि त्या बुजलेल्या विवराच्या कडेने युकातानची राजधानी मेरिदाच्या बाजूला सेनोतेंची अर्धगोल रांगच आहे. आपला दख्खनचा काळा कातळ वाहिला तो पण त्याच सुमाराला. म्हणजे तुमच्या घराच्या खिडकीतून दिसणारा येऊरचा डोंगर आणि ते विवर एकाच काळातले आहेत.

आता खोलीचं. चिचेन इत्झाजवळच्या इक किल नावाच्या सेनोतेचं पाणी जमिनीपासून २६ मीटर खाली आहे आणि साधारण चाळीस-पन्नास मीटर खोल. आकडा ऐकून घाबरू नका, कारण तुम्ही लाईफ जॅकेट घालून वर तरंगणार आहात, खाली चार मीटर असले काय आणि चाळीस असले काय. बऱ्याच ठिकाणी पाण्यावर आडवा दोर बांधलेला असतो, त्याला धरून जायचं. पाणी थंड असतं, साधारण २४-२५ अंश, पहिल्या क्षणी श्वास अडकल्यासारखा होतो, तेव्हा शिडी सोडू नका, मानेपर्यंत पाण्यात थांबा, चार-पाच श्वास घ्या, मग दोर पकडा. इथे पण प्रायव्हेट गाईडचा फायदा, बसवाल्यांसारखी घाई नसते, आमच्या गाईडने वहिनीला, तिलाही पोहता येत नाही, पंधरा मिनिटं नुसतं शिडीवर उभं राहू दिलं.

आणि माझी आई! तिचं माहेर वाईजवळ, लहानपणी पाठीला सुका भोपळा बांधून मामाने विहिरीत ढकललेली. साठ वर्षांनी तिने लेगिंग आणि फुल बाह्यांच्या टीशर्टवर लाईफ जॅकेट चढवलं, हळूहळू पायऱ्या उतरली, वरून झाडांची मुळं दोरखंडासारखी पाण्यापर्यंत लोंबत होती आणि पायाशी काळे छोटे मासे, आणि ती पाठीवर पडून वरच्या गोल आभाळाकडे बघत तरंगत राहिली. म्हणाली, 'भोपळाच आहे गं हा.' मी काठावरून फोटो काढायचा विसरले.

कपडे काहीही चालतात, कोणी बघत नाही. पण सनस्क्रीन, तेल, मच्छरचं क्रीम लावून उतरायचं नाही, आधी शॉवर घ्यावाच लागतो, आणि हे मनापासून पाळा, कारण आतलं पाणी सगळीकडे जोडलेलं आहे आणि आसपासची गावं त्याच भूजलावर जगतात.

प्रश्न : चिचेन इत्झाला फार गर्दी असते म्हणतात. दुसरं कुठलं ठिकाण सुचवाल का, एका दिवसात होणारं?
— एक वाचक, घणसोली

उत्तर : 'एक बालाम' नावाचं मायांचं जुनं शहर. वायादोलिदच्या उत्तरेला, अर्ध्या तासावर. तिथे राजाच्या समाधीचं दार म्हणजे उघडा जबडा आहे, दातांसकट, सगळं चुन्याच्या गिलाव्यात, आणि वर गवताचं छप्पर घालून जपलंय. जवळच श्कांचे सेनोते, गावकरीच चालवतात, सायकलने जाता येतं. मेरिदाला मुक्काम असेल तर उश्माल हे मायांचं आणखी एक जुनं शहर बघाच, कॅनकूनहून एका दिवसात मात्र नको, फार लांब पडतं. उश्मालला सेनोते नाहीत, तिथले लोक पावसाचं पाणी जमिनीखालच्या टाक्यांत साठवायचे, आपल्या किल्ल्यांवर टाकी असतात तशी, आणि म्हणूनच भिंतीभिंतीवर पावसाच्या देवाचे लांब नाकाचे मुखवटे आहेत, त्या देवाचं नाव 'चाक'.

प्रश्न : आम्ही शुद्ध शाकाहारी. उपाशी राहू का?
— एक वाचक, ऐरोली

उत्तर : नाही राहणार, पण विचारून खा. उसळीसारख्या दिसणाऱ्या काळ्या घेवड्यात खूपदा डुकराची चरबी असते, तिला मांतेका म्हणतात, तेव्हा 'सिन कार्ने, सिन पोयो, सिन मांतेका' (म्हणजे मांस नको, चिकन नको, चरबी नको) एवढं पाठ करा आणि गाईडला आदल्या दिवशीच सांगा म्हणजे तो तसं हॉटेल बघून ठेवतो. सोपा दे लिमा लिंबाचं सूप वाटतं पण ते चिकनचं असतं. मक्याच्या ताज्या पोळ्या, ग्वाकामोले (अव्होकाडोची चटणी), निवडुंगाची भाजी हे चालेल, आणि सिकिल पाक जरूर मागवा, भोपळ्याच्या बिया भाजून वाटून त्यात भाजलेला टोमॅटो आणि मिरची, आपल्या कारळाच्या चटणीत टोमॅटो कालवल्यासारखं लागतं. आईने त्याची कृती गाईडच्या बायकोकडून लिहून आणलीय, हवी असेल तर कळवा, पुढच्या अंकात देते.