बात चांगला जाताय? मग गल्ल्यांत शिरा

व्हिएतनामच्या हनोईहून बात चांग हे कुंभारांचं गाव जेमतेम 13-14 किलोमीटर, लाल नदीच्या काठी. सिटी बसने आरामात जाता येतं. बरेच जण बाजारातून कप-बशा घेऊन परततात, तसं करू नका. नदीकडच्या जुन्या, अरुंद गल्ल्यांत शिरा. आता भट्ट्या गॅसवर चालतात, पण पूर्वी याच भिंतींवर कोळशाच्या चकत्या आपल्या गोवऱ्यांसारख्या थापून वाळवत. चाकावर स्वतः हात चालवून बघाच. फक्त भाजलेलं भांडं कधी मिळेल ते आधी विचारा, ग्लेझचं (भांड्यावरच्या चकचकीत लेपाचं) काम त्याच दिवशी होत नाही. आणि बारीक तड्यांचं भांडं सदोष समजून बाजूला ठेवू नका! तो तडकलेला ग्लेझ मुद्दाम आणतात, इथली खासियतच ती.

जेवायला ‘कान मांग मुक’ मागा. वाळवलेले बांबूचे कोंब आणि सुकं माकूळ धाग्यांइतकं बारीक करून रश्शात शिजवतात. इथलं सणाचं सूप आहे हे, फार मेहनतीचं, म्हणून शक्य तर जेवणाचं आधी सांगून ठेवा. शाकाहारी असाल तर ‘आन चाय’ म्हणा. नुसतं ‘मांस नको’ म्हणून भागत नाही, फिश सॉस बहुतेक पदार्थांत असतोच.