नणंदेचं काम मिळालं, त्यानिमित्त

चि. बाळ,
अनेक आशीर्वाद.

मालिकेत काम मिळालं हे वाचून बरं वाटलं. पण ‘नुसती नणंद आहे हो’ असं लिहिलंस, ते काही पटलं नाही.

दिवाणखान्यातला सीन घे. आठ माणसं उभी, बोलणारी दोघं. आधी मास्टर, म्हणजे सगळ्यांना घेऊन अख्खा सीन, मग हिरो-हिरॉइनचे क्लोज-अप, आणि तुझी रिअ‍ॅक्शन अगदी शेवटी, पॅकअपची घाई सुरू झाल्यावर. तोवर हिरॉइन आपल्या व्हॅनिटी व्हॅनमध्ये गेलेली असते. तिची वाक्यं एखादा असिस्टंट कागदावरून सपाट आवाजात वाचतो आणि त्यावर तुला डोळ्यांत पाणी आणायचं असतं. आपली रोजीरोटी ती हीच. म्हणून मास्टर चालू असतानाच हिरॉइन कुठल्या शब्दावर वळली, तुझा कप कुठल्या हातात होता, हे डोक्यात टिपून ठेव. नाहीतर शॉट जुळत नाही आणि एडिटर तुला सरळ गाळतो. तिच्या क्लोजच्या वेळी मात्र तू क्यू द्यायला, म्हणजे समोरून तुझी वाक्यं म्हणायला थांब, ती तुझ्यासाठी थांबो न थांबो.

आणि छोट्या कामाला ‘नुसतं’ म्हणू नकोस. नट अच्युत पोतदार आधी सैन्यात, मग इंडियन ऑइलमध्ये. सिनेमात आले ते चाळिशीनंतर. २००९च्या ‘थ्री इडियट्स’मध्ये समोरचा पोरगा भलीमोठी व्याख्या घडाघडा म्हणतो, आणि लोकांच्या लक्षात राहिला तो प्राध्यापक झालेल्या पोतदारांचा वैताग. तेव्हा ते पंचाहत्तरीच्या घरात होते.

आता पैशाचं. टीव्हीत मानधन बहुधा ९० दिवसांनी येतं. मे महिन्यात राबलीस तर पैसे गणपतीच्या सुमारास; घरमालक काही तोवर थांबत नाही. १० टक्के टीडीएस कापून येईल. रिटर्न भर, जास्तीचा कापलेला परत मिळतो. एका वहीत तारीख, कॉल टाइम (सेटवर बोलावल्याची वेळ) आणि पॅकअपची वेळ रोज लिही. पैसे थकले आणि ‘सिन्टा’कडे, म्हणजे कलाकारांच्या संघटनेकडे जायची पाळी आली, तर करार आणि या तारखाच कामी येतात.

आणि नाटकाच्या तालमी सोडू नकोस. मालिकेतली नणंद लेखकाला नकोशी झाली की अमेरिकेला जाते. तुझंही विमान कधीतरी सुटेलच!

करारावर सही करण्याआधी मला व्हॉट्सअ‍ॅपवर पाठव. रात्री उशिरा पाठवलंस तरी चालेल, मी जागीच असते. महिन्याला किमान किती दिवसांची हमी दिली आहे, ते कलम आधी बघू.

तुझी,
मावशी