गर्दीत राहूनही एकटं वाटतं, ते का?

"आजूबाजूला एवढी माणसं, तरी एकटं वाटतं. माझं डोकं फिरलंय का?" सोलापूरच्या पूर्व भागातून हा प्रश्न माझ्याकडे नेहमी येतो.

असेच एक पन्नाशीचे गृहस्थ (ओळख पटू नये म्हणून तपशील बदललेत). अक्कलकोट रोड एमआयडीसीत टॉवेलच्या यंत्रमागावर उमेदीची वर्षं गेलेली. घर विडी घरकुल या कामगार वसाहतीत, भिंतीला भिंत लागून. बोलत होती ती त्यांची बायको. "चहाला कट्ट्यावर जाईनात, पाव्हण्यांत बसनात. नुसतं भिंतीकडं बघत बसायलेत." शेजारी तर त्यांना आखडू म्हणायला लागले होते.

'लोकांत मिसळत जा' हे सगळ्यांनी सांगून झालं होतं. मला या सल्ल्याची चीडच येते. मिसळता आलं असतं तर माणूस माझ्यापर्यंत कशाला येईल?

मी बोलताना ते एकटक माझ्या ओठांकडे बघत होते. मी पंखा कमी करायला उठले आणि पाठमोरीच विचारलं, "आज जेवायला काय होतं?" उत्तर नाही. तोंड वळवून विचारल्यावर मात्र लगेच, "कडक भाकरी अन् शेंगाचटणी."

मागांच्या शेडमध्ये इतका खडखडाट असतो की कामगार खुणांनीच बोलतात. वर्षानुवर्षं तो कानावर पडला की आधी बारीक, उंच आवाज जातात. स, श, फ निसटतात, लहान मुलांचं बोलणं लागत नाही. आवाज येतो, शब्द कळत नाहीत. दर वेळी "काय?" विचारायची लाज वाटते. चारचौघांत उगाच हसून वेळ मारून न्यायची, ती तरी किती दिवस? मग जाणंच बंद.

सिव्हिलच्या कान-नाक-घसा विभागात तपासणी झाली. दोन्ही कानांनी कमी ऐकू येत होतं. अशी गेलेली श्रवणशक्ती परत येत नाही, पण श्रवणयंत्राने बरंच निभावतं. कामावर कानात इअरप्लग घालायचे, हेही ठरलं.

यंत्र आलं म्हणून माणसं आपोआप परत येत नाहीत. कट्ट्यावरच्या एकाच मित्राला "मला कमी ऐकू येतं, समोर बसून बोल" असं सांगायचं, एवढंच मी सुचवलं. त्यालाच त्यांनी महिना लावला. मित्र म्हणाला, "अरे, मलाबी तसंच होतंय!"

सगळ्यांचा एकटेपणा कानातून येत नाही. झोप उडाली, जगणं नकोसं झालं तर १४४१६ या टेलिमानस नावाच्या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या मोफत क्रमांकावर मराठीतही बोलता येतं. या गृहस्थांना त्याची गरज पडली नाही. पुण्यातल्या मुलाशी फोनवर अजून जमत नाही. तो आता व्हिडिओ कॉल लावतो.