आधी ते म्युझिक काढ

प्रिय मुली,

तुझी फिल्म रात्री पाहिली. सकाळी परत लावली आणि लॅपटॉप भिंतीकडे फिरवून नुसती ऐकली. मित्रांना भीती वाटत नाही म्हणून तू दोन उपाय काढलेस: माळ्यावरची बाई कोण होती हे सांगणारा फ्लॅशबॅक, नाहीतर भाड्याने चांगली लेन्स आणून दोन सीन परत शूट करायचे. दोन्ही नकोत. आधी ते म्युझिक काढ.

दुसरं मिनिट संपता संपता ओटीवरच्या झोपाळ्याची कडी कुरकुरते. परत कुरकुरते, आणि पुढच्या झोक्याला मध्येच थांबते, कुणी हाताने धरावी तशी. हे ठरवून केलंस का? मला वाटतं मोबाइलच्या माईकवर आपसूक आलंय. अख्ख्या सात मिनिटांच्या फिल्ममध्ये पोटात गोळा आला तो तिथेच, आणि नेमकं त्याच्यावर तू नेटवरून उतरवलेलं व्हायोलिन पांघरलंयस. अगं, त्या व्हायोलिनवर मालिकांमधल्या सासवा वळून बघतात!

डेव्हिड लिंच या नावाजलेल्या अमेरिकन दिग्दर्शकाची ‘द अल्फाबेट’ बघ. १९६८ ची, जेमतेम चार मिनिटांची. फिलाडेल्फियाच्या पेनसिल्व्हेनिया अकॅडमी ऑफ द फाइन आर्ट्समध्ये तो चित्रकला शिकायला गेला होता, सिनेमा नव्हे. रात्रीच्या बागेचं चित्र काढताना झाडं हलल्यासारखी वाटली आणि वारा ऐकू आला, असं तो पुढे सांगायचा. वारा ऐकू आला, लक्षात घे. तिथेच १९६७ साली त्याने पहिलं हलतं चित्र केलं: स्वतःच्या डोक्याचे साचे घेऊन बनवलेल्या पडद्यावर उलट्या करणाऱ्या सहा आकृत्या, पुन्हा पुन्हा तेच, आणि वर सतत वाजणारा सायरन. सायरन बंद कर, एक विचित्र कार्टून उरेल.

ते बघून एका पैसेवाल्या माणसाने त्याला तसंच एक करायला हजार डॉलर दिले. कॅमेऱ्यात बिघाड होता, अख्खं रीळ अस्पष्ट निघालं. उरलेल्या पैशांतून ‘द अल्फाबेट’ झाली. त्याच्या बायकोची लहान भाची झोपेत घाबरून एबीसीडी बडबडत होती म्हणे, एवढंच त्याचं बीज. पलंगावर बायकोलाच झोपवलं, चेहरा पांढराफटक रंगवून. मुलं एका सुरात ए-बी-सी घोकतायत, आणि मध्येच एक रडणं येतं. ते त्याच्या तान्ह्या मुलीचं रडणं, बिघडलेल्या टेपरेकॉर्डरवर घेतलेलं. आवाज चिरफाळून आला आणि याला तोच आवडला! शेवटी पांढऱ्या चादरीवर रक्त. भूत नाही, सूड नाही, ‘वीस वर्षांपूर्वी या घरात’ नाही. बाळाचं रडणं आपण रोज ऐकतो, पण ते रडणं ऐकून मी अजून उठून दिवा लावतो.

‘काका, तो लिंच होता’ असं म्हणू नकोस. तेव्हा तो बावीस वर्षांचा पोरगा होता आणि घरात रडणारं बाळ होतं. याच फिल्मच्या जोरावर अमेरिकन फिल्म इन्स्टिट्यूटचं अनुदान मिळालं आणि १९७० साली ‘द ग्रँडमदर’ आली. तिच्या साउंडला सोबत होता अॅलन स्प्लेट. रेकॉर्डवरचे तयार इफेक्ट दोघांनी ऐकून पाहिले आणि बाजूला ठेवले, मग आठवडेच्या आठवडे बसून एकेक आवाज हाताने केला. शिट्टी घुमायला हवी होती, पण घुमवणारं यंत्र नव्हतं. म्हणून धातूच्या लांब पाइपच्या एका टोकाला शिट्टी वाजवायची, दुसऱ्या टोकाला ती रेकॉर्ड करायची. तुझ्याकडे पाइप नाही?

मी चिडलोय असं वाटेल. चिडलोच आहे, पण तुझ्यावर कमी. एका मालिकेच्या निर्मात्याने मला दर धक्क्याला तोच ‘ढॅण’ टाकायला सांगितलं होतं. मी दाराच्या कडीचा आवाज ठेवला. पुढच्या महिन्यात माझ्या खुर्चीवर दुसरा मुलगा होता. मित्र अजून म्हणतात, ढॅण टाकला असतास तर घराचे हप्ते वेळेवर गेले असते. गेले असते. पण त्या भागात दाराची कडीच बरोबर होती, आजही आहे. स्वतःची फिल्म का केली नाहीस, हेही विचारतात. ती चर्चा नंतर कधीतरी, चहा पिताना.

तर म्युझिक काढ. मग आजोळच्या त्या घरात एक रात्र राहा. फ्रिज बंद, पंप बंद, पंखा बंद, मोबाइल फ्लाइट मोडवर. प्रत्येक खोलीत पाच मिनिटं नुसतं रेकॉर्ड कर, स्वतः हलू नकोस, खोकला आला तर परत घे. रिकाम्या माजघराचा आणि रिकाम्या माळ्याचा आवाज एक नसतो, हेडफोन लावलास की कळेल. माळ्याच्या शिडीवर अनवाणी चढ, मग आजीच्या चपला घालून चढ. झोपाळ्याच्या कडीला तेल घालू देऊ नकोस कुणाला! मामा घालेल, मामा लोकांना तेल घालायची फार हौस असते.

हे सगळं एडिटिंगच्या टाइमलाइनवर आधी मांड, चित्र मागून लाव. चित्र कमी पडलं तर तिथे काळा पडदा ठेव. बाई कोण, हे तुला ठाऊक असलं तरी पुरे, आणि खरं सांगायचं तर तुलाही ठाऊक नसेल तर उत्तम. लेन्सचे पैसे वाचव. माझा जुना रेकॉर्डर घेऊन जा. त्याचं डावं चॅनल मधूनमधून खरखरतं, ते दुरुस्त करून घ्यायला मात्र जाऊ नकोस.

नवा कट दिवाळीच्या आत पाठव. व्हायोलिन ऐकू आलं तर तिथेच बंद करेन.

तुझा,
काका