माजघर, झोपाळा आणि टेम्पोचा हौदा

नेपथ्याविषयी वाचकांचे प्रश्न, एका नेपथ्यकार बाईची उत्तरं

ताई, आमची चिपळूणची हौशी संस्था यंदा राज्य नाट्य स्पर्धेत उतरते आहे. नाटक जुन्या कोकणी घरात घडतं. पडवी, ओटी, माजघर, माडीचा जिना आणि झोपाळा असं सगळं लेखकाने लिहून ठेवलंय. पात्रं सात. नेपथ्याला पंचवीस हजारांच्या वर पैसे नाहीत. सुरुवात कुठून करू?

संहितेपासून करा, सुताराकडे नंतर जा. वही घ्या आणि प्रत्येक प्रवेशासाठी एवढंच लिहा: कोण कुठून आलं, कुठे बसलं, कुणाकडे तोंड करून बोललं, कुठून गेलं. मग ज्या जागेवर कुणी बसतच नाही ती जागा खोडून टाका. माझा अंदाज, तुमची पडवी पहिल्याच फटक्यात जाईल. चपला काढायला एक पायरी आणि पाय धुवायला बादली-तांब्या दिसला, की पडवी बाहेर आहे हे चिपळूणच्या प्रेक्षकाला सांगावं लागत नाही.

माजघराचं दार मागच्या भिंतीत मधोमध काढू नका. मधल्या दारातून आलेली मोलकरीणसुद्धा महाराणीसारखी येते. दार एका बाजूला, थोडं तिरक्या भिंतीत घ्या, म्हणजे येणाऱ्याचा चेहरा आपोआप प्रेक्षकांकडे वळतो. उंची साडेपाच फूट ठेवा. जुन्या घरांची दारं ठेंगणीच असायची. वाकून आत येणारा नट न सांगता त्या घरातला होतो, आणि ताठ मानेने येऊन कपाळ आपटून घेणारा मुंबईचा पाहुणा असेल तर तुम्हाला एक हशाही फुकट मिळतो. दाराच्या मागे मात्र काळपट रंगाचा एक फ्लॅट, म्हणजे चौकटीवर कापड ताणून केलेली खोटी भिंत, उभा करायला विसरू नका. मी स्पर्धेची नाटकं बघायला बसते तेव्हा अशा उघड्या दारातून माजघराऐवजी विंगेत, म्हणजे रंगमंचाच्या कडेच्या आडोशाला, चहा पिणारी मंडळी दिसतात.

जिन्याचं गणित कागदावरच करून टाका. माडी खरोखर दहा फुटांवर दाखवायची, तर सहा इंची वीस चढ लागतात. पायरीची रुंदी दहा इंच धरली तरी जिना जवळजवळ सोळा फूट लांब होतो. एवढ्यात तुमचा अर्धा रंगमंच गेला. म्हणून जिन्याच्या खालच्या पाच-सहा पायऱ्याच दाखवा आणि वरचं वळण विंगेत घ्या. तीन फुटांचा प्लॅटफॉर्म, सहा इंचांचे सहा चढ, अकरा इंची पाच पायऱ्या, म्हणजे साधारण साडेचार फुटांत काम झालं. प्लॅटफॉर्मच्या मागे अंधारात उतरायला कठडा असलेला दुसरा जिना हवा. तो प्रेक्षकांना दिसत नाही म्हणून पैसे वाचवायला पहिल्यांदा त्याच्यावरच कुऱ्हाड पडते, आणि पाय मुरगळतात ते तिथेच.

आता झोपाळा. तो फ्लॅटच्या तुळईला टांगायचा नाही, हे उत्साही नेपथ्यवाल्याला दोनदा सांगा. नाट्यगृहाच्या वरच्या पाइपांनाही नाही. ते पडद्यांसाठी आणि दिव्यांसाठी असतात. बसलेल्या माणसाचं वजन एक आणि झोके घेणाऱ्याचा ओढा त्याहून जास्त. त्याला स्वतःचे खांब, वर आडवी तुळई आणि नट-बोल्टने आवळलेली स्वतंत्र चौकट हवी. खांब कोकणी घरात शोभतातच, तेव्हा लपवायची गरज नाही. झोपाळा प्रेक्षकांना समांतर टांगला, तर झोके घेणारा थेट त्यांच्या अंगावर येतो. आडवा फिरवला, तर त्याचा एकच कान दिसत राहतो. तिरका टांगा. आणि तुमचे निम्मे पैसे झोपाळ्यावर आणि जिन्यावर जाऊ द्या, कारण तिथे माणसं वावरणार आहेत. भिंतींना चिऱ्याचा भास द्यायला रंगात लाकडाचा भुसा आणि डिंक कालवून थापला तरी दहाव्या रांगेपासून तो जांभा दिसतो.

शेवटची दोन कामं. तालमीच्या हॉलमध्ये आजपासूनच फरशीवर चिकटपट्टीने खऱ्या मापाचा ग्राउंड प्लॅन आखा. दार कुठे आणि ओटीची कड कुठे हे नटांच्या पायांना कळू दे. सेट प्रयोगाच्या दिवशी पहिल्यांदा दिसला की नट बिचकतात. आणि स्पर्धेच्या केंद्रावरच्या नाट्यगृहात रंगमंचाच्या दर्शनी चौकटीची रुंदी किती, ते फोन करून विचारा. पहिल्या रांगेतल्या अगदी कोपऱ्यातल्या खुर्चीपासून चौकटीच्या कडेला घासून रेघ ओढा. रेघेपलीकडे जे आहे ते त्या प्रेक्षकाला दिसणार नाही. अंतिम फेरीत गेलात तर नाट्यगृह बदलेल, म्हणून दोन्ही टोकांना लावता येतील असे जास्तीचे दोन फ्लॅट जवळ ठेवा.

पुण्याहून एक प्रेक्षक विचारतात: व्यावसायिक नाटकात नायकाने रागाने दार आपटलं की अख्खी भिंत थरथरते. एवढ्या दरात तिकीट काढतो, भिंत तरी पक्की का नसते?

ती भिंत नसते म्हणून. देवदाराच्या पट्ट्यांची चौकट, तिच्यावर ताणून मारलेलं मांजरपाट किंवा पातळ प्लाय, मागून एक तिरपा टेकू आणि टेकूच्या पायावर वजन, झाला फ्लॅट. पक्की भिंत करता येते, पण ती टेम्पोत चढत नाही. सेट दुपारी दादरच्या शिवाजी मंदिर नाट्यगृहात उतरतो आणि रात्री दुसऱ्या प्रयोगासाठी ठाण्याला लागतो. मधल्या वेळात रंगमंच कामगार तो सोडवतात, उतरवतात, चढवतात, पुन्हा उभा करतात. म्हणून मी चित्र काढण्याआधी टेम्पोच्या हौद्याचं माप विचारते. फ्लॅटच्या पाठीवर आकडे, सांध्यांना पिन काढता येणाऱ्या बिजागऱ्या, सोफ्याच्या पोटात प्रॉपर्टीची, म्हणजे नाटकात लागणाऱ्या वस्तूंची, जागा, हे प्रेक्षकांना कधीच दिसत नाही आणि अर्धं नेपथ्य तेच असतं.

तरीही भिंत थरथरू नये, हे तुमचं म्हणणं बरोबर आहे. दाराची चौकट शेजारच्या फ्लॅटला खिळायची नाही. तिला स्वतःचे दोन टेकू द्यायचे आणि फ्लॅट नुसता टेकवायचा. दार बाहेरच्या, म्हणजे विंगेच्या बाजूला उघडायचं. आणि नटाला सांगायचं, बाबा, तू झोकात लोट आणि शेवटच्या वितीवर हात आवर, धाडकन आवाज आम्ही विंगेतून काढतो. नामवंत नट हे ऐकत नाहीत. त्यांना भिंत हललेली आवडते, असा मला संशय आहे.

नागपूरचे एक तरुण निर्माते: आता मागे एलईडी स्क्रीन लावली की घर, रस्ता, समुद्र, काहीही दाखवता येतं. सेटवर खर्च का करायचा?

हा प्रश्न नवा नाही. आपल्या संगीत नाटकांत महाल, उपवन, रस्ता सगळं रंगवलेल्या पडद्यांवरच असायचं. कोल्हापूरच्या आनंदराव आणि बाबूराव पेंटर या भावांनी सिनेमाकडे वळण्याआधी नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवले, आणि ते पडदे पाहायला म्हणून लोक येत. पण त्या महालातल्या खुर्चीवर बालगंधर्वांनाही बसता आलं नसतं. सगळा महाल पाठीमागे, नट पुढे रिकाम्या फळ्यांवर उभा. १९३३ साली नाट्यमन्वंतर या संस्थेने ‘आंधळ्यांची शाळा’ आणलं तेव्हा रंगमंचावर भिंतींची, दारांची, खुर्च्यांची खोली आली. नट त्या खोलीत बसू लागला, पाठ फिरवू लागला, बोलता बोलता कशावर तरी टेकू लागला. मराठी अभिनय बदलला त्यात त्या खोलीचाही वाटा आहे, असं माझं ठाम मत आहे.

तुमची स्क्रीन हा त्या रंगीत पडद्याचा नातू. उजेड भरपूर, पण टेकायला जागा नाही. शिवाय हा उजेड नटाच्या पाठीमागून येतो. चेहरा दिसावा म्हणून पुढचे दिवे वाढवले की स्क्रीन फिकी पडते, स्क्रीन वाढवली की नटाची सावलीच उरते, आणि तंत्र तालमीत प्रकाशयोजनाकार आणि स्क्रीनवाला एकमेकांशी बोलायचे थांबतात. कडेला बसलेल्याला समुद्र वाकडा दिसतो तो वेगळाच.

मी स्क्रीनच्या विरोधात नाही. १९६२ च्या ‘तो मी नव्हेच’मध्ये फिरता रंगमंच आला, तोही खर्चिकच होता. पण त्या नाटकात खटला आत्ता चाललाय आणि साक्षीदार सांगतो ते मागे घडलंय. कोर्टातून त्या घरात आणि घरातून परत कोर्टात, पडदा न पाडता जायला हवं होतं. फिरत्या रंगमंचाची गरज त्या संहितेतच होती. तुमच्या संहितेत स्क्रीनची अशी मागणी असेल तर जरूर लावा. धावती गाडी, बातम्यांचा भडिमार, एखाद्या पात्राच्या डोक्यातला गोंधळ तिच्यावर छान येतो. दिवाणखान्याची भिंत दाखवायला मात्र भिंतच स्वस्त पडते. प्रत्येक प्रयोगाला भाडं धरून शंभर प्रयोगांचा हिशेब करून बघा.

सोलापूरचे एक रंगारी: मी सेटची भिंत छान आकाशी रंगवली. दिवे लागले आणि ती राखाडी दिसायला लागली. रंग वाईट निघाला का?

रंगाचा दोष नाही. पिवळ्या-नारिंगी जिलेटीनमधून, म्हणजे दिव्यापुढे लावायच्या रंगीत पारदर्शक कागदातून, येणाऱ्या प्रकाशात निळा अंश फार थोडा असतो. जे आलंच नाही ते भिंत परत काय फेकणार? रंगवण्याआधी प्रकाशयोजनाकाराला विचारा कुठला रंग टाकणार आहात, आणि दोन फुटांचा प्लायचा तुकडा रंगवून त्या दिव्याखाली धरून बघा. एलईडी दिवे असतील तर हे जास्तच करा, त्यांच्या उजेडात तपकिरी छटा हमखास दगा देतात. पांढराशुभ्र रंग भिंतीला कधीच देऊ नका, तो नटाच्या चेहऱ्याच्या आधी डोळ्यांत भरतो. पांढऱ्यात थोडी माती कालवल्यासारखा मळका रंग घ्या, आणि सपाट रंग सुकला की त्यावर ब्रशने दोन गडद-फिकट छटांचे शिंतोडे मारा. जवळून घाणेरडं दिसेल. लांबून भिंतीला वय येतं.

न्यू जर्सीच्या महाराष्ट्र मंडळातून: आम्ही शाळेच्या सभागृहात दोन अंकी नाटक करतो. इथे स्टेजवर खिळा मारू देत नाहीत, थर्माकोल चालत नाही, पडद्याच्या कापडाचं अग्निरोधक असल्याचं प्रमाणपत्र मागतात. सेट करायचा कसा?

ते मागतात ते योग्यच मागतात. आपल्याकडे अशा नियमांना कटकट म्हणायची पद्धत आहे. २०२४ च्या ऑगस्टमध्ये कोल्हापूरचं केशवराव भोसले नाट्यगृह जळालं, तेव्हा लाकूड आणि कापड यांनी भरलेली वास्तू किती झपाट्याने जाते ते साऱ्या महाराष्ट्राने पाहिलं. तिकडे कापड विकत घेतानाच एनएफपीए ७०१ या अमेरिकन अग्निचाचणीचं प्रमाणपत्र असलेलं मागा, म्हणजे वाद मिटला. लाकडाला लावायची अग्निरोधक द्रव्यं तिथे तयार मिळतात. डबा आणि पावती दोन्ही सभागृहवाल्यांना दाखवायला जपून ठेवा.

खिळ्याशिवाय सेट उभा राहतो. दोन फ्लॅट बिजागऱ्यांनी जोडून उघड्या पुस्तकासारखे कोनात उभे केले की ते स्वतःचा तोल स्वतः सांभाळतात. मागे टेकू आणि टेकूवर वाळूची पिशवी. दार असलेल्या फ्लॅटला दोन पिशव्या. फर्निचर सभासदांच्या घरून आणा, पण एक पाहा: तिकडचे सोफे खोल आणि मऊ असतात. त्यात बसलेल्या आजोबांना ‘चालता हो माझ्या घरातून!’ म्हणून ताडकन उठता येत नाही. गादीखाली प्लायची फळी सरकवा.

लातूरच्या महाविद्यालयातला एक गट: एकांकिकेला सेटसाठी पैसेच नाहीत. चार काळे ठोकळे आहेत. सेटशिवाय केलं तर परीक्षक गुण कापतील का?

पोरांनो, परीक्षकांचं मला माहीत नाही. पण चार काळे ठोकळे मी इतक्या एकांकिकांत पाहिलेत, की आता त्यांना मानधन सुरू करावं. कधी ते रेल्वेचा डबा, कधी कबर, कधी हॉस्पिटलची खाट. ठोकळा सगळं होऊ शकतो म्हणून तो काहीच होत नाही.

रिकामा रंगमंच हेही नेपथ्यच असतं, मात्र ते ठरवून केलेलं असावं लागतं. १९७२ च्या ‘घाशीराम कोतवाल’मध्ये ओळीने उभी राहिलेली माणसंच भिंत झाली. ती डोलायची, गायची, पाठ फिरवायची, आणि तिच्याआड जे चाललंय ते झाकायची. ती भिंत त्या नाटकाचा विषयच होती, दुसऱ्या कुठल्या नाटकात उचलून लावली तर नुसती कवायत होईल. आमच्या सिंधुदुर्गात दशावतारी मंडळी देवळाच्या आवारात एका बाकड्यावर रात्र काढतात. राजा त्यावर बसला की सिंहासन. बाकडं ते बाकडंच राहतं, बदलतो तो बसणारा. म्हणून नटाला बसण्याच्या दहा तऱ्हा आल्या पाहिजेत.

तुमच्या एकांकिकेत अशी एकच वस्तू शोधा, जिच्यावाचून गोष्ट पुढे सरकतच नाही. शिलाई मशीन असेल, पाण्याचा ड्रम असेल, लातूरचे आहात म्हणून घागरींची रांग असेल. ती खरी आणा, खेळण्यातली नको. रंगमंचाच्या मधोमध ठेवू नका, जरा डावी-उजवीकडे ठेवा, म्हणजे उरलेली मोकळी जागा चालायला मिळते. मग पहिल्या मिनिटापासून नटांना तिला हात लावू दे: कुणी तिच्यावर बसेल, कुणी अडखळेल, कुणी रागाने लोटेल. आणि कॉलेजच्या कँटीनमधून बाकडं उचलून आणणार असाल, तर आधी त्याचे चारही पाय हलवून बघा.